दुसरा ब्रेक

मास्तरांना माणसांची नावं कधीच लक्षात राहिली नाहीत, त्यामुळे ते विसरायला लागलेत हे कळायला घरात दीड वर्ष लागलं. बेचाळीस वर्षं ड्रायव्हिंग स्कूल चालवलेला हा माणूस सगळ्या गावाला चुकांवरून ओळखायचा. कापडदुकानाचा मालक म्हणजे 'गिअरखाऊ'. मुलींच्या शाळेच्या मुख्याध्यापिका म्हणजे 'आरसाबाई', कारण पहिला महिनाभर त्यांनी आरशात मागची वाहनं सोडून स्वतःचा अंबाडाच पाहिला. बँकेचे मॅनेजर गाडी फर्स्टऐवजी थर्ड गिअरमध्येच सुरू करायचे, म्हणून 'थर्डमध्ये उठणारा'. या मॅनेजरांच्या मुलीच्या लग्नात मास्तर थेट स्टेजवर गेले आणि सगळ्यांदेखत म्हणाले, "काय थर्डमध्ये उठणारे, सुधारलात का?" व्याह्यांनी त्याचा काय अर्थ लावला देव जाणे, पण मॅनेजर मुकाट्यानं म्हणाले, "सुधारलो मास्तर, तुमच्या कृपेनं." माणूस कितीही मोठा होवो, भर चौकात गाडी बंद पाडून घामाघूम होताना ज्यानं त्याला पाहिलंय त्याच्यापुढे मान खालीच राहते.

तेव्हा असा माणूस कुणाला नावानं हाक मारत नाही, याची काळजी कोण करणार?

मास्तरांना मुलं दोन. धाकटा लांबच्या शहरात मोठ्या कंपनीत होता आणि बिनक्लचची गाडी चालवायचा. मास्तर त्या गाडीला 'लिफ्ट' म्हणायचे आणि तिच्यात बसायचे नाहीत. थोरली मुलगी बापाच्याच धंद्यात. चोपन्न वर्षांची, चष्मा नाकावर, आवाज गंजलेल्या फाटकासारखा. एका नको त्या लग्नातून ती अकरा वर्षांनी बाहेर पडली, तेव्हा मास्तर एवढंच म्हणाले होते, "इथंही उशिराच दाबलास." गाव तिला ब्रेकताई म्हणायचं.

उशिरा दाबण्याची ही भानगड जुनी होती. शिकवायच्या गाडीत शेजारच्या सीटपाशीही एक क्लच आणि एक ब्रेक असतो. मास्तरांच्या विद्येचं सगळं मर्म त्या दुसऱ्या ब्रेकमध्ये. "शिकणाऱ्याला कळता कामा नये," ते सांगायचे. "गाडी आपण थांबवली तरी त्याला वाटलं पाहिजे, त्यानंच थांबवली. नाहीतर त्याचा पाय जन्मभर भित्रा राहतो." आणि ज्या दिवशी अख्ख्या फेरीत मास्तरांना ब्रेक दाबावा लागला नाही, त्या दिवशी उतरताना ते म्हणत, "आज मी पाय लावला नाही. परीक्षेला बसा." गावातल्या कित्येकांना लग्नाची तारीख आठवत नाही, पण हे वाक्य कधी ऐकलं ते पक्कं आठवतं.

सख्ख्या मुलीला मात्र हे वाक्य ऐकायला मिळालं नाही. एकविसाव्या वर्षापासून दोन वर्षं ती रोज सकाळी बापाशेजारी बसून गाडी चालवत होती, आणि रोज उतरताना एकच ऐकत होती: "उशिरा दाबतेस." शेवटी ती वैतागून नदीपलीकडच्या दुसऱ्या स्कूलमध्ये गेली आणि बाविसाव्या दिवशी लायसन्स घेऊन आली. मास्तर अकरा दिवस बोलले नाहीत. बाराव्या दिवशी त्यांच्या हाताखालचा शिकवणारा काम सोडून गेला, तेव्हा त्यांनी दुसऱ्या गाडीची किल्ली तिच्यापुढे टाकली. "दुसऱ्यांना शिकव. स्वतः शिकायची राहिलीस ती राहिलीस." अशा रीतीनं बापाकडे नापास झालेल्या मुलीनं तीस वर्षं गावाला गाडी शिकवली. कुणी मेलं नाही. पण ते मास्तरांच्या हिशेबी नशीब.

विसरणं उघडकीला आलं ते एका सकाळी. ब्रेकताई गाडीची काच पुसत होती. मास्तर बाहेर आले, तिच्याकडे आदबीनं पाहून म्हणाले, "अहो बाई, तुमची वेळ सातची ना?"

हा टोमणा, असं समजून तिनंही ठेवून दिलं, "हो मास्तर. उशीर झाला. वडिलांनी दूध उतू घालवलं."

"त्यांना सांगा," मास्तर गंभीरपणे म्हणाले, "दूध तापवताना गॅसजवळून हलायचं नाही."

दूध त्यांनीच घालवलं होतं, अर्ध्या तासापूर्वी. ब्रेकताईच्या हातातलं फडकं काचेवर तसंच राहिलं. बापानं तिला जन्मात कधी अहोजाहो केलं नव्हतं. पहिल्यांदा मान मिळाला, तो असा.

मेंदूच्या डॉक्टरांकडे नेलं तर तेही मास्तरांचेच विद्यार्थी निघाले. डॉक्टरांनी विचारलं, "मास्तर, आज वार कोणता?" मास्तरांनी उलट विचारलं, "वळताना इंडिकेटर देता का आता?" डॉक्टर लाजले आणि पुढचे तीन प्रश्न विचारायचेच राहिले. पण मेंदूची चित्रं काढली, तपासण्या केल्या, आणि बाहेर येऊन हळू आवाजात सांगितलं की हे वाढत जाणार. जुनं राहील, नवं पुसलं जाईल. "आणि ताई, गाडीची किल्ली त्यांच्या हाती देऊ नका."

धाकट्याला कळवलं. धाकट्याचं बापावर प्रेम फार, फक्त ते फोनवरून यायचं. "ताई, बाबांना कोडी सोडवायला दे. ताई, बाबांना संगीत ऐकव. ताई, मी तुला एक लेख पाठवलाय." ताईला लेख वाचायला वेळ नव्हता, कारण तिचा बाप त्या वेळी टूथपेस्ट दाढीला लावत असायचा.

किल्ली तिनं काढून घेतली. पण शेजारची सीट काढून घेतली नाही, आणि चूक झाली ती इथं. मास्तरांना स्टिअरिंगवर बसू द्यायचं नाही, हे तिनं पाळलं. पण शिकणारा चालवत असला आणि ती स्वतः मागच्या सीटवर असली की त्यांना शेजारी बसू द्यायची. तिथं बसले की माणूस पूर्वीसारखा व्हायचा. घरात बाथरूमचं दार न सापडणारा माणूस पुढच्या सायकलवाल्याचा खांदा हलायच्या आधी ओळखायचा की हा आता वळणार. तिला ते पाहायला आवडायचं. आवडीपायी माणूस मूर्खपणा करतो, तो तिनं केला.

एका मंगळवारी ती तिघांना परीक्षेसाठी लायसन्सच्या ऑफिसात घेऊन गेली होती. इकडे दातांची डॉक्टरीण, शिकायला लागून जेमतेम आठवडा झालेली, पंधरा मिनिटं आधीच आली. मास्तर गाडीपाशी उभे, हातात किल्ली. किल्ल्या त्यांनी तरुणपणापासून घरभर लपवून ठेवल्या होत्या. ठेवल्याचं विसरले, सापडायच्या मात्र थांबल्या नाहीत. मास्तर म्हणाले, "चला." डॉक्टरीण निघाली.

ब्रेकताईचा फोन वाजला तो अडीच तासांनी.

"ताई, आम्ही एका वीटभट्टीपाशी आहोत. पेट्रोल संपलंय."

"आम्ही म्हणजे कोण? कुठली वीटभट्टी?"

"मी आणि मास्तर. भट्टी कुठली ते माहीत नाही. मास्तर म्हणाले, सरळ."

"आणि तुम्ही अडीच तास सरळ गेलात?"

"त्यांनी थांबा म्हटलंच नाही ना!"

"अहो, तुम्ही लोकांच्या अक्कलदाढा काढता, त्यातली एखादी स्वतःला ठेवायची होती!"

"माझ्यावर कशाला ओरडता? तुमच्याच ऑफिसात पाटी आहे, 'मास्तर सांगतील तसे करावे. प्रश्न विचारू नयेत.' आणि फोन मागच्या सीटवर ठेवायचा, हापण तुमचाच नियम."

पाटी होती. मास्तरांनी स्वतः रंगवलेली.

"मास्तर कसे आहेत?"

"मजेत आहेत. आणि ताई," डॉक्टरणीचा आवाज एकदम फुलला, "तीन पूल, दोन रेल्वेफाटकं आणि एक घाट! एकदाही बंद पडली नाही!"

ही बाई पुढे पहिल्या फटक्यात परीक्षा पास झाली. पण हा फायदा धाकट्याला सांगण्यासारखा नव्हता.

भट्टीवाल्याला फोनवर पत्ता विचारून, पेट्रोलचा डबा घेऊन ब्रेकताई दुसऱ्या गाडीनं तिथं पोचली. डॉक्टरीण आणलेली गाडी आपणच चालवत मागून निघाली, मास्तर मुलीच्या शेजारी बसले. मग पुढे बघतच म्हणाले, "पुलानंतरचं वळण मला सापडलं नाही."

ब्रेकताईनं गिअर बदलला.

"त्या बाईंना सांगू नका. त्यांना वाटू दे, आपणच आणली गाडी इतकी लांब."

रस्ता चुकलो, असं म्हणायची त्या माणसाला जन्मात सवय नव्हती. वळण न सापडलेला माणूस अडीच तास तोऱ्यात 'सरळ' म्हणत राहिला होता. ब्रेकताईला हसू आलं, आणि लगेच त्याच हसण्याचा राग आला.

संध्याकाळी धाकट्याचा फोन. "बस झालं, ताई. उद्या कुणी मेलं तर? बाबा मेले तर? मी एक जागा पाहिलीय. स्वच्छ आहे, नर्सेस आहेत, बाग आहे. महिनाअखेरीला फॉर्म घेऊन येतो."

"बागेत बसून काय करतील ते? झाडं कशी वळतात ते बघतील?"

"म्हणजे गाडीत बसवून लोकांना मारायचं का?"

धाकटा मूर्ख असता तर फार सोपं झालं असतं. पण त्याचं म्हणणं खरं होतं, आणि खरं बोलणारा माणूस सहाशे किलोमीटरवर बसून बोलत असला की जास्तच डोक्यात जातो.

तिनं मास्तरांचं गाडीत बसणंच बंद केलं. घराची झडती घेतली. किल्ल्या निघाल्या पाच: दाढीच्या डब्यात, पिठाच्या डब्यात, आईच्या जुन्या चष्म्याच्या घरात, एक पंख्यावर, एक मास्तरांच्याच मोज्यात. सगळ्या कुलपात घातल्या.

दहा दिवसांत मास्तर उतरले. दाढी थांबली. जेवण थांबलं. चमचा समोर धरला तर हे काय, म्हणून बघायचे. दिवसभर जेवणाच्या टेबलापाशी खुर्चीत ताठ बसायचे, नजर भिंतीवर, आणि मधूनच उजवा पाय फरशीवर दाबायचे. भिंत काही थांबायची नाही. ते पुन्हा दाबायचे. महिनाअखेरीपर्यंत हे असंच चाललं, तर धाकट्याला फॉर्म भरायचेही कष्ट पडणार नाहीत, हे ब्रेकताईला दिसत होतं. गाडीत बसवलं तर दुसऱ्याचा जीव, नाही बसवलं तर त्यांचा. यातून वाट काढायला तिच्याकडे वीस दिवस होते.

अकराव्या दिवशी ती मेकॅनिककडे गेली. हाही जुना विद्यार्थी. मास्तरांच्या भाषेत 'हँडब्रेक राहिला'.

"दुसरा ब्रेक आणि क्लच काढून टाक."

"शिकवायच्या गाडीचा? मग शिकवणार कशावर?"

"या गाडीवर आता कुणी शिकणार नाही. पायपट्ट्या तशाच ठेव, दांडी तोड. दाबलं तर नुसतं दाबलं जावं, पुढे काही होऊ नये."

मेकॅनिकनं डोकं खाजवलं. "मास्तरांना कळेल. पाय सैल गेला की त्यांना लगेच कळेल. कुणाचा पाय आहे तो!"

"म्हणून तर तुझ्याकडे आले. आत स्प्रिंग बसव. पूर्वीइतकंच जड लागलं पाहिजे."

"आणि गाडी थांबणार कशी?"

"मी थांबवीन. त्यांनी दाबलं की मी दाबीन."

मेकॅनिकनं पाना उचलला. मग म्हणाला, "ब्रेकच्या पट्टीला तेल घालतो. करकरते फार."

"खबरदार तेल घातलंस तर! ती करकर ऐकूनच मला कळणार आहे."

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला गाडीच्या पुढे-मागे शिकाऊ उमेदवाराची लाल पाटी लागली आणि तीस वर्षं गाव शिकवलेली बाई स्टिअरिंगवर बसली. मास्तरांना दाढी करून, शर्ट घालून शेजारी बसवलं. त्यांनी सीट मागे घेतली, आरसा बोटानं केसभर हलवला, आणि तिच्याकडे वळून म्हणाले, "घाबरायचं नाही. हे स्टिअरिंग."

गल्लीत हसू झालं. आरसाबाई गॅलरीतून ओरडल्या, "काय गं ब्रेकताई, या वयात शिकायला लागलीस?"

"तुमच्याइतक्या उशिरा नाही हो!" तिनं खिडकीतून सुनावलं.

"समोर बघा, बाई," मास्तर म्हणाले. "आणि तोंड बंद. इंजिन ऐकू येत नाही."

वाटलं होतं त्यापेक्षा काम अवघड निघालं. करकर ऐकायची, मग दाबायचं. यात क्षणभर मागे-पुढे होणारच. तेवढा उशीर मास्तरांच्या पायाला लगेच कळला.

"तुम्ही उशिरा दाबता."

ब्रेकताईनं दात आवळले. चोपन्नाव्या वर्षी!

"माझी मुलगीपण असंच उशिरा दाबायची," मास्तर पुढे म्हणाले. "मी तिला पास नाही केली."

पुढे सिग्नल लाल होता. गाडी थांबली होती. हा प्रश्न ब्रेकताईनं तीस वर्षं पोटात ठेवला होता. तो तिनं आता परक्या बाईच्या तोंडानं विचारला, "का नाही केलीत?"

मास्तरांनी बराच विचार केला. सिग्नल हिरवा झाला, मागच्यांनी हॉर्न वाजवले.

"आठवत नाही," ते म्हणाले. "चला. फर्स्ट टाका."

काय काय आठवत होतं या माणसाला! मॅनेजरचा थर्ड गिअर, आरसाबाईंचा अंबाडा, मेकॅनिकचा हँडब्रेक. नेमकं हेच बरं विसरायला झालं. तिनं इतक्या रागानं क्लच सोडला की गाडी आचका देऊन बंद पडली, आणि मास्तर समाधानानं म्हणाले, "होतं असं. पहिलाच दिवस आहे."

असे तिचे सतरा पहिले दिवस झाले. रोज 'हे स्टिअरिंग', रोज 'उशिरा दाबता'. मास्तर जेवायला लागले. चमचा पुन्हा चमचा झाला. आणि ब्रेकताई आवाज ऐकायचं सोडून रस्ता त्यांच्या डोळ्यांनी बघायला लागली. मास्तर कुठं दाबतील? सायकलवाल्याच्या खांद्यावर. बंद दुकानापुढे उभ्या गाडीचं दार उघडायच्या आधी. कुत्र्यावर नाही, कुत्र्याकडे बघणाऱ्या माणसावर. तीस वर्षांपूर्वी बाप हेच सांगत होता की काय, अशी शंका तिला दोन-तीनदा आली. ती तिनं झटकून टाकली. आता कबूल करून फायदा कुणाला?

महिनाअखेरीला धाकटा आला, हातात जाड पाकीट. पाकिटात फॉर्म आणि गुळगुळीत कागदावर छापलेलं रंगीत माहितीपत्रक. मास्तरांनी त्याला पाहिलं आणि म्हणाले, "तुमची वेळ आठची. मागे बसा आणि बघा."

"बाबा, मी आहे —"

"मागं बसणाऱ्यानं बोलायचं नाही."

ब्रेकताईनं त्याला तुटलेल्या दांडीचं आदल्या रात्रीच सांगितलं होतं. त्यावर तो "हा वेडेपणा आहे" एवढंच म्हणाला होता. आता तो पाकीट मांडीवर घेऊन मागे बसला, सीटची कड घट्ट धरून.

बाजार पार पडला. चौक पार पडला. लाकडाच्या वखारीपाशी आले आणि फाटकातून एक ट्रक न बघता मागे आला, ओंडके बाहेर काढून. मास्तरांचा पाय गेला. पट्टी करकरली असेल. ब्रेकताईला ऐकू आली नाही, कारण तिचा पाय आधीच खाली होता. गाडी जागच्या जागी थांबली, ओंडक्यांपासून हातभर अलीकडे. मागून धाकट्याचं नाक पुढच्या सीटवर आपटलं.

"शाबास," मास्तर म्हणाले, आणि ट्रकवाल्याला खिडकीतून असं काही बोलले की त्याची आई जिवंत असली तर तिला उचकी लागली असेल.

उरलेल्या रस्त्यात धाकट्याचं पोट ढवळून आलं. लिफ्टमध्ये बसायची सवय. जवळ काही नव्हतं, म्हणून त्यानं पाकीट उघडून तोंडापाशी धरलं. बाग, नर्सेस, फॉर्म, सगळं त्यात गेलं.

अंगणात गाडी थांबली. धाकटा पाकीट लांब धरून पांढराफटक उतरला. "ताई," तो दम खात म्हणाला, "सहा महिने बघू. डॉक्टर म्हणाले तर पुढचं पुढे. पण मी पुन्हा मागे बसणार नाही. आणि बाबांनी आज किती वेळा दाबला गं? मी बघत होतो. वीस तरी वेळा."

"तेवीस," ब्रेकताई म्हणाली. "आणि ते पाकीट बाहेर टाक आधी."

मास्तर सावकाश उतरले. दार लावलं, नीट लागलं का ते ओढून पाहिलं. मग गाडीला वळसा घालून तिच्या खिडकीपाशी आले.

"आज मी पाय लावला नाही," ते म्हणाले. "परीक्षेला बसा."

तेवीस वेळा दाबलेला पाय तिच्यासमोर उभा होता, बुटाची नाडी सुटलेला. ब्रेकताईनं चष्मा काढला, पदरानं पुसला, पुन्हा घातला. चष्म्याला काही झालेलं नव्हतं.

"बरं, मास्तर," ती म्हणाली.

"उद्या सकाळी आरामात झोपा. आणि तुमच्या वडिलांना सांगा, पोरगी तयार झाली म्हणून. त्यांना बरं वाटेल."

"सांगून उपयोग नाही हो," ब्रेकताई म्हणाली आणि त्यांच्या बुटाची नाडी बांधायला खाली वाकली. "ते कुणाचं ऐकत नाहीत."

मास्तरांनी सहानुभूतीनं मान हलवली.

"असतात काही काही माणसं," ते म्हणाले. "घट्ट बांधा. क्लचमध्ये अडकते."